कलिंगडाच्या शेतातला ड्रायव्हर

२०२२ ची दिवाळी नुकतीच आटोपली होती. डब्यात चकल्यांचा चुरा आणि दोन-चार शंकरपाळे तेवढे उरले होते. सकाळी उठून फोन बघितला, तर आमच्या मावस-चुलत भावंडांच्या ग्रुपवर एक छोटा व्हिडिओ आणि खाली एकच ओळ: ‘दादा, हे तर तू करायचास!’

व्हिडिओत अमेरिकेतल्या एका रेसची शेवटची फेरी होती. सगळ्या गाड्या वळणाला ब्रेक मारून हळू होत होत्या आणि एक गाडी मात्र बाहेरच्या भिंतीला घासत, ब्रेक न लावता, सुसाट निघाली होती. बघता बघता तिने पाच गाड्या मागे टाकल्या.

दांडिया बाजारच्या आमच्या जुन्या घरात माळ्यावर एक कॉम्प्युटर होता. उन्हाळ्याच्या सुट्टीत सगळी भावंडं त्याच्यावर रेसिंगचे गेम खेळायची. मला वळण नीट घेता यायचं नाही, म्हणून मी गाडी भिंतीला टेकवून ॲक्सिलरेटर दाबून धरायचो. भिंत आपोआप वळवायची! भाऊ ओरडायचे, ‘चीटिंग, चीटिंग!’ आणि आजी खालून ओरडायची, ‘अरे, जेवायला या आता!’

तोच प्रकार एका माणसाने खऱ्या गाडीत, खऱ्या काँक्रीटच्या भिंतीला घासून केला होता. त्याचं नाव रॉस चॅस्टेन. गंमत म्हणून मी त्याच्याबद्दल वाचायला घेतलं, आणि वाचता वाचता ती वीस सेकंदांची करामत मागे पडली. त्याआधीची अकरा वर्षंच मला जास्त थरारक वाटली. आपल्यापैकी ज्यांनी नुकतीच नोकरी धरली आहे किंवा गमावली आहे, त्यांना ही गोष्ट सांगावीशी वाटते.

आधी खेळ समजून घेऊ

आपल्याकडे मोटर रेसिंग म्हटलं की फॉर्म्युला वन आठवतं. अमेरिकेत मात्र स्टॉक कार रेसिंगचं वेड आहे. ‘स्टॉक’ म्हणजे दुकानात मिळते तशी. शोरूममधली साधी गाडी घेऊन शर्यत लावायची, अशी याची सुरुवात. १९४८ साली फ्लोरिडातल्या डेटोना बीचला बिल फ्रान्स यांच्या पुढाकाराने ‘नॅसकार’ ही संस्था स्थापन झाली. आजच्या गाड्या दिसायला कॅमॅरो, मस्टँग किंवा कॅमरीसारख्या असल्या, तरी आतून पूर्णपणे शर्यतीसाठी बांधलेल्या असतात. बहुतेक ट्रॅक अंडाकृती. तास-दीड तासाच्या रेसपासून ६०० मैलांच्या रेसपर्यंत सगळं जवळजवळ डावीकडे वळत वळत चालतं.

यात तीन पायऱ्या आहेत. सर्वांत खाली ट्रक सिरीज, मधली, २०२५ पर्यंत एक्सफिनिटी या नावाने ओळखली जाणारी सिरीज आणि सर्वांत वर कप सिरीज.

आता पैशाचं गणित. गाडीच्या बॉनेटवर ज्याचं नाव, तो खर्च उचलतो. मोठ्या टीमकडे शेकडो माणसं, स्वतःचे इंजिनिअर, सिम्युलेटर, वाऱ्याच्या बोगद्यातल्या चाचण्या आणि कसलेले पिट क्रू असतात. छोट्या टीमकडे मोजकी माणसं. इंजिन भाड्याने आणलेलं, गाडी एखाद्या मोठ्या टीमने वापरून विकलेली. टायरचे नवे सेट परवडत नाहीत, म्हणून जपून जपून वापरायचे. गाडी ठोकली तर पुढच्या आठवड्यात काय चालवायचं, हा प्रश्न. काही टीम तर एके काळी चार-सहा फेऱ्या मारून ‘काहीतरी बिघाड आहे’ म्हणत गाडी आत घ्यायच्या. शेवटच्या क्रमांकाचं का होईना, बक्षिसाचं पाकीट मिळायचं आणि टायर-इंजिनचा खर्च वाचायचा.

अशा टीममध्ये ड्रायव्हर म्हणून नेमकं काय सिद्ध करायचं? तुम्ही पंचविसावे आलात तर लोक म्हणणार, पंचविसावा आला. ती गाडी मुळात पस्तिसाव्या लायकीची होती, हे कोणाला दिसत नाही. शिवाय ड्रायव्हरने स्वतःच स्पॉन्सर घेऊन यावा, ही अपेक्षा. म्हणजे चांगली गाडी मिळायला नाव हवं आणि नाव व्हायला चांगली गाडी. अनुभव नाही म्हणून नोकरी नाही आणि नोकरी नाही म्हणून अनुभव नाही, हे चक्र आपल्याला काही नवीन नाही.

अल्वा गावचा मुलगा

रॉसचा जन्म ४ डिसेंबर १९९२ चा, दक्षिण फ्लोरिडातल्या अल्वा या गावाजवळचा. घरची शेती, आणि तीही कलिंगडाची. आपण बडोदेकर घरात कलिंगड म्हणतो आणि लारीवाल्याकडे तरबूच मागतो, तेच फळ. चॅस्टेन घराण्यातली शेतकऱ्यांची ही आठवी पिढी. बाराव्या वर्षी तो जवळपासच्या छोट्या ट्रॅकवर गाडी चालवायला लागला. धाकटा भाऊ चॅडही याच नादातला.

मोठा उद्योगपती पाठीशी नव्हता. मग पाठीशी कोण उभं राहिलं? कलिंगडवालेच. शेतकऱ्यांच्या आणि कलिंगडाच्या प्रसाराचं काम करणाऱ्या संस्थांनी त्याच्या गाडीवर आपलं नाव लावलं. २०११ साली अठराव्या वर्षी तो ट्रक सिरीजच्या पहिल्या रेसमध्ये उतरला आणि दहावा आला. सुरुवात तर झोकात झाली.

पुढे मात्र तसं झालं नाही. आज या टीमचा ट्रक, उद्या त्या टीमची गाडी. पैसे असतील तोवर सीट, संपले की घरी. २०१५ पासून तो एक्सफिनिटी सिरीजमध्ये जेडी मोटरस्पोर्ट्स या टीमकडून नियमित धावू लागला. साउथ कॅरोलिनातली, जॉनी डेव्हिस यांची ही टीम म्हणजे गरिबीत नेटाने संसार करणाऱ्या कुटुंबासारखी. तिथे त्याने ओळीने चार हंगाम काढले. पहिल्या दहात येणं म्हणजे जिंकल्याचाच आनंद. २०१७ मध्ये डोव्हरला प्रीमियम मोटरस्पोर्ट्स या तशाच छोट्या टीमकडून त्याला कप सिरीजमध्ये पहिली संधी मिळाली आणि तो विसावा आला. त्या टीमच्या मानाने हे फारच मोठं यश होतं.

२०१८ मध्ये तर तो शनिवारी एक्सफिनिटीची आणि रविवारी कपची, अशा दोन्ही रेस चालवत होता. जिंकण्याची शक्यता दोन्हीकडे जवळजवळ शून्य. पण गाडीत बसायला मिळतंय, शेवटपर्यंत नेऊन परत आणायला मिळतंय, प्रत्येक ट्रॅक पाठ होतोय. त्याची शाळा चालू होती आणि फी गाडीचा मालक भरत होता, असंच म्हणायला हवं.

तीन रेसची परीक्षा

२०१८ च्या उत्तरार्धात चिप गनासी या मोठ्या टीमने त्याला तीन रेससाठी आपली ४२ नंबरची एक्सफिनिटी गाडी दिली. फक्त तीन. इतकी वर्षं ज्याचं नाव मागच्या रांगेत दिसायचं, तो चांगल्या गाडीत काय करतो हे पाहायचं होतं.

पहिली रेस डार्लिंग्टनला. रॉसने सर्वांत वेगवान फेरी नोंदवून पहिली जागा पटकावली, रेसचे पहिले दोन्ही टप्पे जिंकले आणि तब्बल ९० फेऱ्या आघाडीवर राहिला. मग माजी विजेता केविन हार्विकशी टक्कर झाली आणि तो पंचविसावा आला. हातातोंडाशी आलेला घास गेला. पण बघणाऱ्यांनी जे बघायचं ते बघितलं होतं. दुसरी रेस लास व्हेगासला, १५ सप्टेंबरला. तिथे २०० पैकी १८० फेऱ्या तो पुढे होता आणि रेस जिंकला. तिसरी रिचमंडला, तिथे दुसरा.

गनासीने पुढच्या वर्षासाठी त्याला पूर्ण हंगामाची गाडी जाहीर केली. सात वर्षांनी पहिल्यांदा ‘पक्की नोकरी’. गाडीवर नाव होतं डीसी सोलर या कंपनीचं.

डिसेंबर २०१८ मध्ये एफबीआयने कॅलिफोर्नियात डीसी सोलरवर धाड घातली.

चाकांवर बसवलेले सौर जनरेटर बनवून भाड्याने देतो, असं ही कंपनी सांगायची. गुंतवणूकदारांना त्यावर करसवलत मिळायची. त्यांत वॉरन बफे यांची बर्कशायर हॅथवेही होती. प्रत्यक्षात कागदावरचे हजारो जनरेटर अस्तित्वातच नव्हते. नव्या गुंतवणूकदाराच्या पैशातून जुन्याला परतावा, म्हणजे याची टोपी त्याला. हा घोटाळा सुमारे १०० कोटी डॉलरचा निघाला आणि कंपनीच्या मालकाला पुढे २०२१ मध्ये ३० वर्षांची शिक्षा झाली.

या सगळ्याशी रॉसचा काडीचाही संबंध नव्हता. पण स्पॉन्सर गेला म्हणजे गाडी गेली. जानेवारी २०१९ मध्ये, हंगाम तोंडावर असताना, गनासीने आपली एक्सफिनिटी टीमच बंद केली.

इथे मी वाचता वाचता थांबलो. २००९ साली मी बीई झालो, तेव्हा माझ्याही हातात एक ऑफर लेटर होतं. बाबांनी पेढे वाटले होते. आईने सोसायटीत सगळ्यांना सांगून टाकलं होतं. मग जगभरच्या मंदीचं निमित्त झालं आणि एक ईमेल आली: पुढील सूचना येईपर्यंत रुजू होऊ नये. ती पुढील सूचना आजतागायत आलेली नाही. त्या दिवसांत सगळ्यात जड काय वाटलं असेल, तर ‘काय रे, कधी जॉइन होतोयस?’ हा प्रश्न. विचारणारे प्रेमानेच विचारायचे, पण मी नाक्यावर जायचंच बंद केलं होतं.

परत मागच्या रांगेत

रॉसने काय केलं? तो परत जेडी मोटरस्पोर्ट्सकडे गेला. प्रीमियमकडे गेला. नीस मोटरस्पोर्ट्सच्या ट्रकमध्ये बसला. जिथे सीट रिकामी, तिथे हा हजर. २०१९ मध्ये त्याने तिन्ही सिरीज मिळून सत्तरच्या वर रेस चालवल्या. शुक्रवारी ट्रक, शनिवारी एक्सफिनिटी, रविवारी कप. फेब्रुवारीत डेटोना ५०० या सर्वांत मानाच्या रेसमध्ये शेवटी गाड्यांचा नुसता खच पडला. त्यातून वाट काढत तो प्रीमियमच्या गाडीत दहावा आला.

मे महिन्यात कॅन्ससला त्याने ट्रक सिरीजची रेस जिंकली. नीस टीमचा तो पहिलाच विजय. नियमाप्रमाणे ड्रायव्हरला कोणत्या तरी एकाच सिरीजमध्ये गुण मिळवता येतात आणि त्याने वर्षाच्या सुरुवातीला एक्सफिनिटी निवडली होती. जूनमध्ये त्याने धाडस केलं आणि निवड बदलून ट्रक केली. म्हणजे हंगाम चालू असताना मध्येच शून्यापासून सुरुवात. आता ठरावीक काळात एक रेस जिंकणं भाग होतं.

तो लगेच आयोवाला जिंकला! पण रेसनंतरच्या तपासणीत ट्रकची पुढची बाजू नियमापेक्षा खाली भरली आणि त्याचा विजय रद्द झाला. त्याच वर्षीपासून नॅसकारने हा कडक नियम आणला होता आणि त्याखाली विजय गमावणारा पहिला ड्रायव्हर ठरला रॉस. पुन्हा शून्य. पुढच्याच आठवड्यात गेटवेच्या ट्रॅकवर तो परत जिंकला. हंगामाच्या शेवटी विजेतेपदाच्या लढतीत तो दुसरा राहिला. जुलैमध्ये डेटोनाला कौलिग रेसिंगला त्यांचा पहिला एक्सफिनिटी विजय मिळवून दिला, तोही त्यानेच.

मला यात शौर्यापेक्षा वेगळी गोष्ट दिसते. गनासीची गाडी गेल्यावर जुन्या टीमनी त्याच्यासाठी दार उघडलं, कारण जाताना त्याने ते आपटून बंद केलं नव्हतं. माझी नोकरी बुडाली तेव्हा मी अलकापुरीतल्या एका पाच माणसांच्या ऑफिसात लागलो. पगार सांगण्यासारखा नव्हता. पण सर्व्हर बंद पडला की मी, बिल छापायचं तर मी, ग्राहकाच्या शिव्या खायच्या तर मीच. पुढे मोठ्या कंपनीत गेल्यावर माझ्याबरोबरच्या मुलांना फक्त आपल्या वाट्याचा कोड माहीत होता. गाडीचा खडखडाट ऐकून काय सैल झालंय ते ओळखण्याची सवय छोट्या टीममध्येच लागते.

ती भिंत

२०२१ मध्ये गनासीने त्याला कप सिरीजची गाडी दिली. त्याच वर्षी त्यांनी टीम ट्रॅकहाउसच्या जस्टिन मार्क्स यांना विकायचं ठरवलं. पुन्हा धाकधूक. पण या वेळी नव्या मालकाने रॉसला ठेवून घेतलं. २०२२ मध्ये नॅसकारने नव्या पिढीची गाडी आणली, जिचे बरेचसे सुटे भाग सगळ्यांनी ठरलेल्या पुरवठादारांकडूनच घ्यायचे होते. श्रीमंत टीमचा फायदा थोडा कमी झाला. मार्चमध्ये टेक्सासच्या ऑस्टिनला रॉस कपमधली पहिली रेस जिंकला, पाठोपाठ एप्रिलमध्ये तालाडेगा. जिंकला की तो गाडीच्या टपावर चढतो आणि कलिंगड डोक्यावर उचलून जमिनीवर आपटतो. ज्यांनी पहिली गाडी दिली, त्यांची आठवण म्हणून.

आणि मग ३० ऑक्टोबर. मार्टिन्सव्हिल हा कपच्या वेळापत्रकातला सर्वांत छोटा अंडाकृती ट्रॅक, अर्ध्या मैलाहून जरासा मोठा. विजेतेपदाच्या अंतिम चौघांत जायला रॉसला डेनी हॅमलिनपेक्षा जास्त गुण हवे होते. शेवटची फेरी सुरू झाली तेव्हा तो दहावा होता आणि दोन जागा कमी पडत होत्या. सरळ मार्गाने त्या मिळणं शक्य नव्हतं. लहानपणी चॅडबरोबर गेमक्यूबवर खेळलेला नॅसकारचा गेम त्याला आठवला. त्याने पाचवा गिअर टाकला, गाडी भिंतीला टेकवली आणि ॲक्सिलरेटर तळाला नेला.

इंजिनिअर आहे, म्हणून थोडं गणित सांगितल्याशिवाय राहवत नाही. वळणावर गाडीला आत ओढून धरण्याचं काम टायर आणि रस्ता यांच्यातलं घर्षण करतं. वेग वाढला की लागणारं बल वेगाच्या वर्गाच्या पटीत वाढतं, आणि टायरची मर्यादा संपली की गाडी बाहेर जाते. म्हणून सगळे ब्रेक लावतात. रॉसने ते काम भिंतीला दिलं. गाडीला आत ढकलायला आता भिंत होती, टायरची मर्यादा उरलीच नाही. अट एकच: घासताना गाडी कुठे अडकता कामा नये. अडकली असती तर काय झालं असतं, ते सांगायला नको.

ती फेरी १८.८४५ सेकंदांत पूर्ण झाली. त्या ट्रॅकवर स्टॉक कारने कधीच एवढ्या वेगात फेरी मारली नव्हती, अगदी पात्रता फेरीतसुद्धा. ऐन रेषेवर त्याने हॅमलिनला गाठलं. आठवड्याने फीनिक्सला जोई लोगानो विजेता ठरला आणि रॉस वर्षाचा उपविजेता. पुढच्या वर्षीपासून अशा चालीला दंड होईल, असं नॅसकारने जाहीर केलं. ते बरोबरच होतं. एकदा घडलं ते कौतुक, दर आठवड्याला घडलं तर प्रेक्षकांच्या आणि ड्रायव्हरच्या जिवाशी खेळ.

नाण्याची दुसरी बाजू

रॉसला संत करण्याचा माझा हेतू नाही. मागच्या रांगेत एक एक जागा ओरबाडून घ्यायची सवय लागलेला माणूस पुढच्या रांगेतही तसाच वागला. त्याच्या धक्क्यांनी अनेकांचे हंगाम बिघडले. २०२३ मध्ये तर एका रेसनंतर नोआ ग्रॅगसनशी त्याची हातघाई झाली.

मला मात्र त्याच वर्षीची डोव्हरची रेस आठवते. रॉसच्या धक्क्याने ब्रेनन पूलची गाडी फिरली आणि काइल लार्सनलाही घेऊन गेली. पूलच्या गाडीचा नंबर होता १५. एका छोट्या टीमची गाडी, आणि प्रीमियममध्ये असताना रॉसने चालवलेला तोच नंबर. एवढंच नाही, हा पूलही पूर्वी गनासीकडे होता, डीसी सोलरचंच नाव असलेल्या गाडीत. त्याची सीट रॉसच्या आधीच गेली होती. रॉसला परत चढायची संधी मिळाली, पूलच्या वाट्याला मागची रांग आली. दोघांत कष्ट कोणी कमी केले, असं मला वाटत नाही. ‘मेहनत करा, यश मिळेलच’ असं म्हणणाऱ्यांनी पूलकडेही बघावं.

आपल्याकडेही याचं उदाहरण आहे. कोइंबतूरचा नारायण कार्तिकेयन, भारताचा पहिला फॉर्म्युला वन ड्रायव्हर. पुढे तो परत फॉर्म्युला वनमध्ये गेला तो एचआरटी या सर्वांत गरीब टीमकडून. ऑस्ट्रेलियात एकदा त्या टीमच्या दोन्ही गाड्या रेसमध्ये उतरण्याइतक्याही वेगवान ठरल्या नाहीत. लोकांनी विनोद केले. याच कार्तिकेयनने २०१० मध्ये नॅसकारची ट्रक सिरीजही चालवली. पहिली रेस त्याच मार्टिन्सव्हिलला, आणि तो तेरावा आला. आपल्याला हे किती जणांना माहीत होतं?

मे २०२५ मध्ये शार्लटला ६०० मैलांची रेस होती. आदल्या दिवशी सरावात टायर फुटून रॉसची गाडी भिंतीवर आदळली आणि निकामी झाली. टीमने रात्र जागून दुसरी गाडी तयार केली. नियमाप्रमाणे तो सगळ्यांच्या शेवटी, चाळिसाव्या जागेवरून निघाला. सहा फेऱ्या उरल्या असताना विल्यम बायरनला मागे टाकून तो पहिला झाला. या रेसच्या इतिहासात शेवटून निघून जिंकलेला हा पहिलाच.

तो व्हिडिओ मी पुन्हा आमच्या ग्रुपवर टाकला. ज्या धाकट्या भावाने ‘दादा, हे तर तू करायचास’ लिहिलं होतं, त्याची स्वतःची नोकरी दोन महिन्यांपूर्वी गेली होती आणि तो ग्रुपवर गप्प गप्पच असायचा. संध्याकाळी त्याचा फोन आला. नोकरीबद्दल तो काही बोलला नाही, मीही विचारलं नाही. म्हणाला, ‘दादा, तो जुना कॉम्प्युटर अजून माळ्यावर आहे का रे?’

‘आहे,’ म्हटलं, ‘रविवारी ये. येताना एक तरबूच घेऊन ये.’